न वाजलेलं पान

पी-पी, पी-पी. थर्मामीटर चार वेळा वाजला आणि थांबला. दुपारच्या वेळी घर इतकं गप्प होतं, की पेजेखालचा गॅस बारीक करताना स्वयंपाकघरातही मला तो स्पष्ट ऐकू आला. मी हात पुसले. आई आता हाक मारेल, "किती आहे बघ गं," असं वाटलं. हाक आली नाही.

मी दारातून डोकावले. माझी लेक कोतो गादीवर पडली होती, गाल लालभडक. शेजारी माझी आई गुडघे मुडपून बसलेली. थर्मामीटर निसटू नये म्हणून तिने नातीचा दंड अंगाशी दाबून धरला होता आणि नजर भिंतीकडे लावली होती.

"आजी, झालं," कोतो म्हणाली.

"झालं कसं? आधी वाजू तर दे."

"वाजलं की."

"कुठे वाजलं? पाच वर्षांची पोर आणि मला बनवतेस होय?"

मी आत जाऊन थर्मामीटर काढला. सदतीस पूर्णांक चार. "उतरतोय ताप," मी म्हणाले. "आई, हा वाजला होता."

"मग सेल संपत आला असेल. बदलून टाक."

सेल मी नव्या वर्षाच्या सुट्टीतच बदलला होता. पण मी "बरं" म्हणाले आणि पेज वाटीत काढायला गेले.

त्यानंतरचे दोन दिवस मी आईवर पाळत ठेवली असं म्हटलं तरी चालेल. दाराची बेल तिला ऐकू येई. फोन ऐकू येई. माणसांचं बोलणं तर सगळंच, अगदी मी तोंडातल्या तोंडात पुटपुटलेलंसुद्धा. पण मायक्रोवेव्हची शेवटची शीळ, फ्रिजचं दार उघडं राहिलं की होणारी किणकिण, कोतोच्या खाऊच्या पुड्याची चुरचुर, यातलं काही तिच्यापर्यंत पोचत नव्हतं. बारीक, टोकदार आवाज तेवढे गेले होते. केव्हा गेले, कुणाला ठाऊक. खाऊच्या पुड्यापाशी मात्र मी थबकले, कारण माझ्या आईचा जन्म कागद वाजू न देण्यात गेलाय.

त्सुकुदा फुमिए हे नाव ऐकून रस्त्यात कुणी मान वळवायचं नाही. पण दर रविवारी सकाळी टीव्हीवरच्या कार्टूनमध्ये, आजोबांच्या सार्वजनिक न्हाणीघराच्या पायरीवर उभा राहून "या या, पाणी अजून गरम आहे!" म्हणून ओरडणारा सहा वर्षांचा गोरोता माहीत आहे का, असं विचारलं तर टक्कल पडलेले बाप्येही हसतात आणि तसंच ओरडून दाखवतात. तो आवाज आईचा. त्याआधी पंधरा वर्षं ती गर्दी होती. म्हणजे बाजारातल्या बायका, रडणारी तान्ही मुलं, मांजरं, परदेशी सिनेमातली किंचाळून मरणारी मोलकरीण. अडतिसाव्या वर्षी तिला गोरोता मिळाला आणि एकोणचाळिसाव्या वर्षी मी झाले. गोरोता माझ्याहून वर्षाने मोठा. आता मी तेहतीस वर्षांची आहे, आई बहात्तरची, आणि तो अजून पहिलीत.

रेकॉर्डिंग गुरुवारी. म्हणून बुधवारी दुपारच्या जेवणानंतर आई बोलत नसे. घसा राखायचा. मधात मुरवलेल्या मुळ्याचं पाणी चमचा चमचा घ्यायचं आणि जे सांगायचं ते पाठकोऱ्या कागदावर लिहायचं. "डबा धुवायला टाक." "मोजे वाळत आहेत." "इकडे ये." मी अक्षरं शाळेच्या आधी शिकले ती या चिठ्ठ्यांवरून. मी आठ वर्षांची असताना एका बुधवारी मला खूप ताप चढला. आई रात्रभर कपाळावर हात ठेवून बसली, पण एक शब्द बोलली नाही. त्याच्या दुसऱ्या की तिसऱ्या रविवारी गोरोताचा मित्र आजारी पडला आणि गोरोता त्याच्या उशाशी बसून म्हणाला, "झोप तू, मी इथेच आहे." आईच्या आवाजात. मी टीव्ही बंद केला, कोपऱ्यावरच्या देवळात गेले, पेटीत नाणं टाकलं, दोर हलवून घंटा वाजवली, दोन टाळ्या वाजवल्या आणि मागितलं: गोरोता मरू दे.

हे मी आईला कधी सांगितलेलं नाही.

पुढे मीही त्याच धंद्यात गेले. सहा वर्षं गर्दी झाले, त्यापुढे गेले नाही. कोतो पोटात आली तेव्हा सोडलं आणि कुणी थांब म्हणालं नाही. नवरा बदलीवर नागोयाला असतो, महिन्यातून दोनदा येतो. बाबा गेल्यापासून आम्ही तिघी आईच्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात राहतो. इमारतीला लिफ्ट नाही.

दर फेब्रुवारीत आईला कार्टून काढणाऱ्या कंपनीचं पत्र येतं. एप्रिलपासून पुढचं वर्ष कराल ना, महिनाअखेरपर्यंत कळवा. चौतीस वर्षं ती त्याच दिवशी उत्तर टाकून येत असे. यंदाचं पत्र दहा दिवस हीटरच्या बुटक्या टेबलावर पडून होतं, त्यावर संत्र्याची सालं साठत होती.

"कळवलंस का?" मी एकदा विचारलं.

"बघू." मग बऱ्याच वेळाने म्हणाली, "पूर्वी दारात चपला घातल्या की मी गोरोतापर्यंत पोचलेली असायचे. आता दोन तास लागतात. जिने चढतेय, चढतेय, वर पोचते तोवर हे पोरगं पुढे पळालेलं असतं."

तक्रार तिची स्वतःबद्दल एवढीच. बाकी सगळी नव्या मुलांबद्दल. स्टुडिओत चार माइक, माणसं दहा. भिंतीलगतच्या बाकावरून उठायचं, मोकळ्या माइकपाशी जायचं, वाक्य बोलायचं, बाजूला व्हायचं, आणि हे सगळं एक चप्पल न वाजवता. स्क्रिप्ट हातातच असते, तेव्हा पान उलटताना कागद वाजला की सगळ्यांची मेहनत वाया. ज्याचा वाजला त्याने हात वर करायचा आणि "मी वाजवलं, माफ करा" म्हणायचं. मग पुन्हा. आई आदल्या दिवशी प्रत्येक पानाचा खालचा कोपरा अंगठ्याने वर मोडून ठेवते. तिचा कागद कधीच वाजला नव्हता, याचा तिला फार अभिमान.

"ती हिराइवा म्हणून नवी पोरगी आली आहे ना," आई जेवताना सांगे, "दर आठवड्याला हात वर! गेल्या गुरुवारी चार वेळा! अगं, दोन वाक्यं असतात तिला सगळी मिळून. एक कावळा आणि एक गिऱ्हाईक. तेवढ्यात चार वेळा पान वाजवते! आमच्या वेळी बाहेर पॅसेजमध्ये उभं केलं असतं."

"मग तू काय केलंस?"

"काय करणार? शिकवतेय. ऐकते बिचारी खाली मान घालून. पण बोटात काही उतरत नाही."

यावर मी हसले होते. थर्मामीटर वाजला त्या दिवसापर्यंत मी हसत होते.

बुधवारी दुपारी आई पुढच्या खोलीत स्क्रिप्ट घेऊन उभी राहिली. ओठ हलत होते, आवाज नव्हता. मी कोतोचे कपडे घड्या घालत होते. सर्र, असं पान उलटलं. पुन्हा. तिचा अंगठा आता पूर्वीसारखा वळत नाही, थंडीत तर नाहीच. कोपरा पकडण्याआधी तो कागदावरून खरडत जातो. आईच्या चेहऱ्यावर काहीही नव्हतं. ती पुढचं वाक्य मनात म्हणत होती.

तेव्हाच सांगायला हवं होतं. पण बुधवार होता. जी उलट बोलू शकत नाही तिला असं काही कसं सांगायचं, अशी मी स्वतःची समजूत घातली. बुधवारचा मला असा उपयोग पहिल्यांदाच झाला.

गुरुवारी कोतो बरी झाली होती, पण तिच्या वर्गातली निम्मी मुलं तापाने पडल्यामुळे बालवाडीने वर्गच बंद ठेवला. आई सकाळी नऊच्या ठोक्याला भाताचा मुटका खात होती, पोट गुरगुरू नये म्हणून. अंगात जुना सुती अंगरखा, बांगडी नाही, घड्याळ नाही.

"घेऊन चल तिला," आई म्हणाली. "ओन्दा कधीचा म्हणतोय, नात दाखवा. काचेपलीकडे बसा दोघी. आणि माझी पिशवीही धर, गुडघा आज काही बरा नाही."

ओन्दा-सान हे ध्वनिदिग्दर्शक. मी गर्दीत होते तेव्हापासून ओळखतात. सकाळ असो की संध्याकाळ, स्टुडिओत पाऊल टाकलं की "सुप्रभात" म्हणायचं, तसं आम्ही म्हणत आत गेलो. कोतोही म्हणाली, वाकून. बाकावर दाराजवळच्या टोकाला एक बारीकशी मुलगी होती, ती ताडकन उठली आणि तिने दार धरलं. हिराइवा. मधली जागा आईची, कुणीही न सांगता मोकळी ठेवलेली. तिच्या शेजारी मिनोवा-सान बसले होते. ते गोरोताच्या आजोबांचा आवाज देतात आणि आईपेक्षा वीस वर्षांनी लहान आहेत.

"या नातू, बसा," मिनोवा-सान म्हणाले. "गुडघे दुखतायत म्हणे? पहिलीतल्या पोरांना हल्ली काय काय होतं!"

"आजोबा, तुमचे केस काळे करून आलात वाटतं," आई म्हणाली. "आवाजाला नका लावू म्हणजे झालं."

सगळे हसले. आम्ही काचेपलीकडच्या खोलीत जाऊन मागच्या कोचावर बसलो. आतला लाल दिवा लागला, म्हणजे रेकॉर्डिंग सुरू.

कोतोने आजीला काम करताना कधी पाहिलं नव्हतं. काचेपलीकडे तिची वाकलेली आजी माइकपाशी गेली, तोंड उघडलं, आणि आमच्या खोलीतल्या मोठ्या स्पीकरमधून गोरोता ओरडला, "आजोबा! बंब पेटतच नाहीये!" कोतोने माझा हात घट्ट धरला. मग दात दाखवून हसली.

गोष्ट अशी होती, की गोरोताच्या आजोबांची कंबर धरली आहे आणि न्हाणीघर एक दिवस गोरोताला एकट्याने चालवायचं आहे. आईचा आवाज छान लागला होता. मीही विसरून गेले. आणि मग तिसऱ्या पानावर, स्पीकरमधून, गोरोताच्या वाक्याच्या मधोमध, सर्र.

ओन्दा-सान बटण दाबेपर्यंत बाकावर हिराइवाचा हात वर गेला होता. "मी वाजवलं, माफ करा!"

आईची पाठ बाकाकडे होती. तिने मागे वळून न बघता मान हलवली, अरेरे अशा अर्थाने.

"ते तर आजीचं पान होतं," कोतो म्हणाली.

आवाज टिपणारा माणूस आपल्या बटणांकडे बघत राहिला. ओन्दा-सान सावकाश मागे वळले. "कान तिखट आहेत हं तुझे," ते कोतोला म्हणाले. मग माझ्याकडे बघून, हळू आवाजात: "आम्ही कुणी सांगितलं नाही तिला. त्या पोरीने आपणहून सुरू केलं. एकदा केलं, दुसऱ्यांदा केलं, मग मला थांबवताही येईना. आम्ही दोनदा घेतो, आणि जे राहतं ते मशीनवर पुसतो. निघतं सगळं."

"आईला सांगायला हवं ना, ओन्दा-सान."

"हो," ते म्हणाले. "तुम्ही सांगता?"

मी कोतोला मांडीवर ओढून घेतलं.

पहिला अर्धा भाग संपेपर्यंत हिराइवाचा हात तीन वेळा वर गेला. मग दहा मिनिटांची सुट्टी झाली. मी मुळ्याच्या पाण्याचा थर्मास घेऊन आत गेले, कोतो माझ्या मागे. आई बाकावर बसायच्या ऐवजी थेट दाराशी गेली होती.

"आण गं तुझी स्क्रिप्ट. कोपरे कसे मोडायचे ते आज तुला शेवटचं दाखवते."

"नको, त्सुकुदा-सान. मी घरी करीन." हिराइवाने स्क्रिप्ट छातीशी धरली.

"घरी करतेस तर इथे वाजतं कसं?"

"नातू, सोडा तिला," मिनोवा-सान मध्ये पडले. "मधल्या सुट्टीत अभ्यास नसतो."

"तुम्ही तुमची कंबर सांभाळा, आजोबा." आईने हात पुढे केला तो मागे घेतला नाही. मोठ्या माणसाचा पुढे आलेला हात तसाच ठेवायचा नसतो. हिराइवाने दोन्ही हातांनी स्क्रिप्ट दिली.

आईने पहिलं पान बघितलं. कोपरा मोडलेला होता, तिने शिकवला तसा, नखाने बारीक. दुसरा तसाच. तिसरा. ती पुढे पुढे जात राहिली. मग तिचा हात मंदावला. मी थर्मास घेऊन शेजारीच उभी होते, मलाही दिसलं. काही पानांच्या तळाशी पेन्सिलीने छोटं वर्तुळ काढलेलं होतं. त्या पानांवर कावळा नव्हता, गिऱ्हाईक नव्हतं, हिराइवाला एक शब्दही नव्हता. पण गोरोताचं वाक्य तिथे खालच्या ओळीवर सुरू होऊन पुढच्या पानावर जात होतं. बोलता बोलता पान उलटावं लागेल, अशा सगळ्या जागा तिने आदल्या दिवशी शोधून ठेवल्या होत्या.

लोक चेहरे वाचतात, आई पन्नास वर्षं स्क्रिप्टवरच्या खुणा वाचत आली आहे.

"कधीपासून?" तिने विचारलं.

हिराइवा जमिनीकडे बघत होती. मिनोवा-सान वाकून आपल्या बुटाची नाडी बघू लागले. बुटाला नाडी नव्हती.

"जूनपासून," हिराइवा म्हणाली.

"आणि मी तुला दर आठवड्याला..."

"मला शिकायला मिळालं, त्सुकुदा-सान. खरंच. माझे कोपरे आता छान होतात."

आईने स्क्रिप्ट मिटली आणि दोन्ही हातांनी परत दिली. "पेन्सिल चांगली टोकदार ठेवतेस," ती म्हणाली. मग माझ्याकडून पाणी घेतलं, दोन घोट प्यायली, आणि कोतोच्या डोक्यावर हात ठेवला. मला वाटलं ती आता घरी चला म्हणेल. पण दुसऱ्या अर्ध्या भागाची हाक आली आणि ती माइकपाशी गेली.

मी काचेपलीकडे कोचावर येऊन बसले.

न्हाणीघर उघडायला उशीर झालाय. गिऱ्हाईकं कंटाळून परत निघाली आहेत. गोरोता धापा टाकत रस्त्यावर पळत येतो आणि ओरडतो. त्याचं वाक्य पानाच्या शेवटच्या ओळीवर सुरू होत होतं. आई म्हणाली, "थांबा! जाऊ नका! पाणी अजून..." आणि तिने पान उलटलं. मी डोळे मिटून घेतले होते. स्पीकरमधून गोरोताची धाप ऐकू आली, दुसरं काही नाही. पान हवेत उलटल्यासारखं उलटलं. "...गरम आहे!"

मी डोळे उघडले. बाकावर हिराइवाचे दोन्ही हात मांडीवर होते. चेहरा उजळला होता तिचा.

आणि माइकसमोर आईने आपला उजवा हात वर केला.

"मी वाजवलं," ती म्हणाली. गोरोताच्या नाही, स्वतःच्या आवाजात. "माफ करा."

हिराइवा तोंड उघडून बघत राहिली. आवाज टिपणाऱ्याने ओन्दा-सानकडे बघितलं, ओन्दा-साननी माझ्याकडे. त्यांचं बोट बोलायच्या बटणावर होतं. आईचा हात अजून वरच होता, वर्गातल्या मुलीसारखा, आणि बाही घसरून तिचं बारीक मनगट दिसत होतं.

"हो, त्सुकुदा-सान," ओन्दा-सान म्हणाले. "किंचित. पुन्हा घेऊ या."

आईने वाकून नमस्कार केला आणि पान मागे घेतलं. दुसऱ्या वेळी ते वाजलं. या वेळी कुणाचाच हात वर गेला नाही, तिचाही नाही. ओन्दा-सान म्हणाले, "छान."

परतीच्या गाडीत दुपारची गर्दी नव्हती. आम्हाला तिघींना सलग बाक मिळाला. बाकाखालच्या हीटरने पोटऱ्या शेकत होत्या. कोतो माझ्या मांडीवर डोकं ठेवून पडली, मला वाटलं झोपली. आई खिडकीतून समोरच्या छतांवर वाळत घातलेल्या गाद्या बघत होती. तीन स्टेशनं गेली.

"चिझु," ती म्हणाली. "ते पान वाजलं होतं का गं?"

"कुठलं?"

"कुठलं काय विचारतेस? हात वर केला ते." ती अजून बाहेरच बघत होती. "ओन्दाला उत्तर द्यायला दोन सेकंद लागले. मी मोजले. हो म्हणायला कुणाला दोन सेकंद लागत नाहीत. तू काचेपलीकडे होतीस, तुझे कान तरणे आहेत. सांग मला."

मी काही बोलायच्या आत तीच पुढे म्हणाली, "वाजलं असेल तर ठीक. म्हणजे कानाने नाही तरी बोटाने कळतंय मला. मग करीन एक वर्ष, सांभाळून. पण वाजलं नसेल तर उद्या ओन्दाला फोन करते. नवा गोरोता शोधा म्हणते. कागदच ऐकू येत नाही तिथे समोरच्याचा श्वास काय ऐकू येणार? तो श्वास ऐकून तर बोलायचं असतं. उगाच हात वर करणारी म्हातारी माइकसमोर काय कामाची?"

तिचे हात मांडीवर होते. उजव्या अंगठ्याने ती डाव्या हाताचं बोट चोळत होती, कोपरा मोडल्यासारखं.

मला त्या देवळातला दोर आठवला. हातात धरलेला, खरबरीत, माझ्या उंचीपेक्षा कितीतरी मोठा. पंचवीस वर्षांनी माझं ते मागणं आता माझ्याच तोंडून पुरं होणार होतं. एक "नाही" म्हटलं की पुरे. दुसऱ्या कुणी म्हटलं असतं, मला वाटतं. मला ते "नाही" म्हणवलं नाही.

"वाजलं होतं," मी म्हणाले. "अगदी थोडं. पण वाजलं होतं."

आईने मान वळवून माझ्याकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. मग तिने डोळे मिटले आणि डोकं मागे खिडकीला टेकवलं.

"बरं," ती म्हणाली. "म्हणजे आणखी एक वर्ष."

तिसऱ्या मजल्यावर पोचून किल्ली काढावी आणि खाली दुकानात पिशवी राहिलीय हे आठवावं, तेव्हा ती जशी "बरं" म्हणते आणि कठडा धरून पुन्हा उतरू लागते, तसंच म्हणाली. ते ऐकलं आणि तिला माझ्याकडून "नाही"च ऐकायचं होतं हे मला कळलं. मी तिचा हात हातात घेतला. तिने डोळे उघडले नाहीत. अंगठा माझ्या तळहातावर एकदा खरडला आणि थांबला.

कोतो झोपलेली नव्हती. ती हळूच उठून बसली, आजीकडे बघितलं, आणि माझ्या कानाशी तोंड आणलं. लाल दिवा लागलेला असताना बोलावं तितक्या हळू ती बोलली.

"आई, तेव्हा काहीच नव्हतं वाजलं. मी ऐकत होते. मग आता आजीला कोण सांगणार?"